धाकट्याचा आवाज

अक्कलकोट रोड एमआयडीसीतल्या चहाच्या गाड्यावर तो माणूस मला रोज दिसायचा. घशाच्या ऑपरेशनमध्ये त्याचा आवाज गेला होता. गळ्याला रुमाल गुंडाळलेला आणि छातीवर बटणांची एक छोटी पेटी लटकवलेली असायची. चहा हवा असला की तो बटण दाबायचा आणि पेटीतून भरदार, हसरा आवाज यायचा, "एक कडक चहा द्या की!" त्याचे ओठ मात्र मिटलेलेच असायचे.

एकदा मी विचारलं, "आवाज तुमचाच ना? ऑपरेशनच्या आधी भरून ठेवलेला?"

त्यानं नकारार्थी मान हलवली. चहावाल्या मावशी हळूच म्हणाल्या, "धाकट्या भावाचा हाय. त्यानंच सगळं बोलून भरून दिलं, आन् मग अपघातात गेला."

मी गडबडलो. "आता मोबाईल बोलतो की. आपण फक्त टाइप करायचं," मी म्हणालो.

त्यानं मोबाईलवर टाइप करून स्क्रीन माझ्यापुढं धरली. 'मग तो गप्प होईल.'

तेवढ्यात मोबाईल वाजला. "धाकट्याची बायको हाय. रोज लावती," मावशी पुटपुटल्या.

त्यानं स्पीकर सुरू करून मोबाईल पेटीजवळ नेला आणि बटण दाबलं.

"जेवलीस का?" पेटी म्हणाली.

"व्हय, जेवले," पलीकडून बाईचा आवाज आला. तो अगदी निवांत होता. "तुमी घरला कवा येताय?"

त्याचं बोट बटणांवरून फिरत राहिलं. मावशींनी तोंडाला पदर लावला. शेवटी त्यानं डोळे मिटले आणि कडेचं एक बटण दाबलं.

"हा काय, आलोच," धाकटा हसत म्हणाला.