मामाजींची सकाळची भाकर

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. नवऱ्याला, सुधीरला नाही, आईला नाही — आणि ज्यांना सांगायला हवं होतं त्यांना तर मुळीच नाही. तुम्हाला का सांगतेय? तुम्ही आमच्या घरातले नाही, म्हणून असेल.

त्या वर्षी बोंडअळीनं कापूस खाल्ला होता. अकोल्यात आमच्या गल्लीत ज्याच्या त्याच्या तोंडी तोच विषय, आणि मी काय करत होते? पॅलिओ. धान्य नाही, डाळ नाही, दूध नाही, साखर नाही — आदिमानव खायचा तेच खायचं. माझं वजन उतरलं होतं आणि डोक्यात स्वतःचा स्वयंपाकाचा क्लास शिरला होता. म्हणून एका रविवारी ओळखीच्या बायकांना ब्रंचला बोलावलं. आवडलं तर क्लास सुरू, नाहीतर गल्लीभर हसं.

बेत सांगू? फुलकोबी किसून तिचा इंडोनेशियन 'भात' — नारळाचं दूध, हळद, अंगणातला गवती चहा. मोर्शीच्या संत्र्याची साल आणि चक्रफूल घालून चायनीज चिकन. सोया सॉस मात्र बंद, कारण सोयाबीन पडलं डाळींच्या जातीचं. ओसरीवर दर्यापूरच्या शेतातली सोयाबीनची पोती, आणि मी चिंचेच्या कोळावर चायनीज करतेय! मामाजी, म्हणजे माझे सासरे, खूप हसले होते. दोन जेवणांचं एक करायचं आणि त्यातही भाकर नाही, मग सरळ उपास म्हणा की, असं त्यांचं म्हणणं.

मामाजींना शुगर होती. सकाळी गोळी आणि गोळीवर लगेच भाकर. सासूबाई गेल्यापासून ती मीच द्यायची. त्या दिवशी गोळी घेऊन ते स्वयंपाकघराच्या दारात आले. "भाकर टाकतं काय वं?" दोन्ही शेगड्या अडकलेल्या, नारळाचं दूध फाटायला आलेलं, माझा जीव टांगणीला. मी म्हणाले, थांबा थोडं, आज सगळ्यांबरोबर. ते थांबले. पुन्हा विचारलंसुद्धा नाही.

बायका उशिरा आल्या. मी मामाजींपुढे वाटीभर फुलकोबी ठेवली, तोवर त्यांना दरदरून घाम फुटला होता. चमचा तोंडापर्यंत जाईना. मग ते खुर्चीवरून घसरलेच.

दवाखान्यात सलाईनमधून साखर गेल्यावर ते शुद्धीवर आले. डॉक्टरांनी विचारलं, सकाळी काय खाल्लं होतं यांनी? सुधीर शेजारी उभा, दारात त्या सगळ्या बायका. आणि मी — अगदी सहज, बघा — म्हणाले, "भाकर खाल्ली होती, रोजच्यासारखी."

मग गोळी दोनदा घेतली असणार, डॉक्टर म्हणाले. या वयात विसर पडतो. मामाजींनी माझ्याकडे पाहिलं. रागानं नाही. ते घाबरले होते. "भाकर खाल्ली काय मी? मले आठवून नाही राहिलं."

"खाल्ली ना, मामाजी."

क्लास सुरू झाला. चांगला चालला. गोळ्यांचा डबा माझ्या कपाटात आला, मामाजींचं दर्यापूरच्या बसमध्ये एकट्यानं बसणं बंद झालं. पुढच्या हंगामात सुधीरनं शेत मक्त्यानं दुसऱ्याला कसायला दिलं. मामाजींचा साफ विरोध होता. पूर्वी त्यांच्या शब्दापुढे घरात कोणी जात नसे, आता सुधीर म्हणाला, "बाबाले सकाळचं ध्यानात राहत नाही, शेताचं काय समजन?" मी तिथेच मेथी निवडत होते. निवडत राहिले.

आणि मामाजींनी ते मान्य केलं — हेच मला सोसत नाही. चष्मा कुठे, आज वार कोणता, सगळं मला विचारून. बारीकसारीक हिशेब तोंडपाठ असलेला माणूस, पण जेवून हात धुतला की माझ्या तोंडाकडे बघायचा. "जेवलो ना वं मी?" मी हो म्हणायचे. त्यांना खरंच विसर पडत होता का? की मी सांगितलं म्हणून पडायला लागला?

शेवटच्या आजारपणात एका दुपारी त्यांनी मला जवळ बोलावलं. "त्या दिवशी भाकर खाल्ली होती ना मी? पक्कं?"

घरात आम्ही दोघंच होतो. सुधीर नव्हता, डॉक्टर नव्हते, क्लासही केव्हाच बंद पडला होता. भ्यावं असं कोणीच नव्हतं.

"हो मामाजी," मी म्हणाले, "खाल्ली होती."