रिंगणाची जीभ

माझ्या थोरल्या भावाला कोंबड्यांच्या रिंगणात सगळे 'जीभ' म्हणायचे. "जीभ आली का?" असं विचारल्याशिवाय झुंज सुरूच व्हायची नाही. मानेला कोणी काही जहाल चोळलेलं असलं, तर तिथे चोच मारणारा समोरचा कोंबडा गळपटतो. म्हणून दादा दोन्ही कोंबड्यांच्या मानेची पिसं उलटी करून चाटायचा, थुंकायचा आणि म्हणायचा, "साफ." इथली माणसं सख्ख्या भावावर विश्वास ठेवायची नाहीत, पण दादाच्या जिभेवर ठेवायची.

एका रविवारी माझा तांबडा उतरला. समोर गवंड्याचा काळा. दादा म्हणाला, "साफ." तांबड्याने दोनदा त्याची मान धरली आणि तिसऱ्यांदा चोच उघडी टाकून मटकन खाली बसला. काळ्याला काही करावंच लागलं नाही. मी धावत जाऊन काळ्याची मान चाटली, तर जिभेची आग आग झाली.

"फितूर!" मी सगळ्यांदेखत ओरडलो. दादाने ब्रसुद्धा काढला नाही.

मग आठ दिवस डोक्यात किडा वळवळत राहिला. गवंड्याने दादाच्या मोरीची भिंत फुकट बांधून दिली, ती काय उगाच? वहिनीच्या पायात नव्या चपला कुठून आल्या? शेवटी जाब विचारायला त्याच्या घरीच गेलो.

वहिनीने न बोलता दोघांपुढे चहा आदळला. पहिल्याच घोटाला माझं तोंड वाकडं झालं. मीठ! म्हटलं, माझ्यावरचा राग काढतेय. तेवढ्यात दादाने कप रिकामा केला आणि म्हणाला, "साखर जरा कमी घालत जा गं."

वहिनी माझ्याकडे रोखून बघत होती.

"दादा, चहा खारट आहे."

त्याने कप उलटा करून तळाचा थेंब जिभेवर घेतला.

"कधीपासून?"

"तापातून उठलो तेव्हापासून. सहा महिने झाले."

"मग मी फितूर म्हणालो, तेव्हा गप्प का बसलास?"

"फितूर म्हटलं तर एकच झुंज खोटी ठरते रे. जीभ गेली म्हणालो असतो, तर सहा महिन्यांतल्या सगळ्याच."

त्यातल्या तीन मी जिंकलो होतो. माझ्या कोंबड्यांना तेल लावायचं काम मेहुण्याकडे असायचं. तो नक्की काय चोळतो, हे मी कधी विचारलं नव्हतं.

मी मुकाट्याने उरलेला चहा प्यायलो.