पेढ्यांचा डबा

नायगावच्या बसस्टँडवर बालविवाहाविरुद्ध पत्रकं वाटताना कुणी पेढा पुढं केला, की वेलचीच्या वासासरशी मी लातूरच्या होस्टेलात जाऊन बसते.

शिकवणीसाठी आलेल्या आम्हा पोरींचे डबे गावाकडून एसटीनं यायचे. त्या दुपारी टीव्हीवर एका तमिळ नटीचं लग्न दाखवत होते. पडद्यावर ती दरवेळी पाठलाग करणाऱ्या हिरोच्याच प्रेमात पडायची. मला भयंकर चीड यायची. खरं लग्न मात्र तिनं स्वतः निवडलेल्या माणसाशी केलं होतं.

"लग्नानंतरबी काम करणार म्हणं," सुरेखा म्हणाली. ही माझी मैत्रीण, भूकंपानंतर वसवलेल्या गावातली, बारावीतली, जेमतेम सतराची. तिनं डबा उघडला. आत भाकरीऐवजी पेढे. आमच्याकडं पसंती अशीच कळवतात.

"कुणाला पसंत केलंस गं?" मी विचारलं.

"मी न्हाई. पाव्हण्यांनी मला."

तिनं सगळ्यांना पेढे वाटले, डबा घासला. रिकामा डबा रोज संध्याकाळच्या गाडीनं परत जायचा. त्या दिवशी सोबत तीही गेली.

दुसऱ्या दिवशी तिच्या कॉटवर नवी पोरगी आली. लातुरात कॉट रिकामी राहत नसते.