अक्काला विचारलं, येणार का

रेंज खिडकीतच येते, म्हणून मोबाईल तिथं ठेवलाय. सकाळपासून त्यावर एक मुंगी फिरतेय, फोन मात्र कुणाचाच नाही. पोरीचं लग्न तोंडावर आलंय अन् आचारी विचारतोय, पानं किती?

मी अडाणी. थोरल्या बहिणीलाच परवा फोन लावला. "अक्का, येणार ना गं लग्नाला?"

"मेल्या, मी काय पाहुणी आहे?" तिनं फोनच ठेवला.

बायको म्हणाली, "अहो, त्यांना कशाला विचारलंत!"

खरंय. परकी माणसं कळवून येतात. आपल्या घरी कुणी कळवून येतं का? पण आता रुसून आलीच नाही तर?

दारात रिक्षा थांबली. अक्का उतरली, काखेत स्वतःची उशी.

"बघतोस काय? चहा टाक."

गडबडीत साखर विसरलो. तिनं तसाच पिऊन टाकला.