इंटरव्हलमधले सात फेटे

मी मूर्ख आहे. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढं ऐकताना कुणी पदर तोंडाला लावून हसायला नको. मोकळेपणानं हसा. सबंध कोल्हापूर हसून झालंय, तुम्हीच कशाला मागं राहता?

आमचे हे कॉलेजात पी.टी.चे सर. घरात मीही त्यांना सरच म्हणते. बाकी लोकांना वेड लागलं की बायकोला आधी कळतं म्हणतात. मला मात्र केबलवाल्यानं सांगितलं. "वैनी, सरांनी तो खेळाचा च्यानल चालू करून घेतलाय, त्यो गल्लीत दुसऱ्या कुणाकडं न्हाय."

रग्बी! तीही सात-सात जणांची. आता आमच्या गावात माणूस खेळतो तो एक कुस्ती, नाहीतर फुटबॉल. ही रग्बी कुणी बोलावली होती? पण नाही. कुठलाही सण नसेल इतक्या भक्तीनं सरांनी त्या सीझनच्या तारखा कॅलेंडरवर लिहिल्या. गॅस सिलेंडरच्या तारखेवर दुबई. दूधवाल्याच्या खाड्यावर न्यूझीलंड. माझ्या मावसबहिणीच्या लग्नाच्या दिवशी हाँगकाँग. तेच ते संघ आठ-पंधरा दिवसांनी नव्या देशात जायचे, आणि शनिवार-रविवार आमच्या हॉलमध्ये यायचे.

तेव्हाचा आमचा टीव्ही म्हणजे माणसासकट सगळं हिरवं दाखवायचा. हिरवं ग्राउंड, हिरवी माणसं, हिरवा बॉल. मी चहा ठेवायला आत जायची, बाहेर यायची, तर तीच हिरवी दांडगी माणसं पळतायत. भाकऱ्या थापून आले, पळतायत. बाजार करून आले, अजून पळतायत!

"अहो, संपली नाही का अजून?"

"कुठली संपतेय? उद्या फायनल."

झालं. माझ्या डोक्यात बसलं ते बसलंच: ही एक मॅच दोन दिवस चालते. मधे एकदा अठ्ठावीसचे शून्य झालेले मी डोळ्यांनी बघितले. मी म्हटलं, मार्क कापले असतील. पळताना एकमेकांना पाडतात, कापायलाच पाहिजेत की!

त्या चार-पाच महिन्यांत सरांना मी एकदा तरी विचारावं की नाही, की बाबा, ही किती वेळ असते? नाही विचारलं. उलट भिशीत बायकांना सांगत सुटले, "मी सबंध सीझन बघितलाय, मला सगळं कळतं त्यातलं."

आता खरी गोष्ट ऐका. सरांनी कॉलेजात पोरांचा एक संघ उभा केला होता. चांगली विशीतली दांडगी पोरं, तालमीतली निम्मी. पण खेळायचं कुठं? कॉलेजच्या मागं एक ग्राउंड होतं, आणि संस्थेच्या चेअरमनसाहेबांच्या मनात होतं तिथं लग्नाचं लॉन करायचं. सर तीन वर्षं त्यांच्या मागं लागलेले. शेवटी साहेब म्हणाले, "सर, मला एक मॅच दाखवा. खेळ आवडला तर ग्राउंड तुमचं. न्हाय आवडला तर लॉन."

एक मॅच! सरांनी पुण्याहून संघ बोलावला. पुण्याहून रेफरी बोलावला. दोन रात्री झोपले नाहीत. मला एवढंच म्हणाले, "अगं, इंटरव्हलमध्ये पाहुण्यांना साहेबांच्या हस्ते तेवढा एकेक नारळ दे. बास. दुसरं काही करू नको."

दुसरं काही करू नको, असं बायकोला सांगून कुठल्या नवऱ्याचं भलं झालंय?

मी विचार केला, दोन दिवसांची मॅच सर बिचारे एका दिवसात उरकतायत. म्हणजे इंटरव्हल तरी जेवणाच्या सुट्टीएवढा असणारच. तेवढ्यात नुसते नारळ द्यायचे? कोल्हापूरचं नाव घालवायचं? मी मांडव घातला. स्पीकर आणला. पाहुण्यांना शाल-नारळ, आणि आपल्या सात पोरांना फेटे, म्हणजे पेपरात फोटो आला तर उठून दिसतील. फेटे बांधायला पवारमामांना सांगितलं. निवेदनाला मराठीचे जाधव सर. दुपारी एकला दीडशे माणसांचं मटण. तांबडा, पांढरा, सगळं. त्याची जबाबदारी शेजारच्या सुमनताईंवर.

मॅचच्या दिवशी सकाळी सर ग्राउंडवर फक्कीच्या पांढऱ्या रेषा मारत होते, तेव्हा घरी फोन आला. साहेबांचा पी.ए.

"वैनी, साहेबांस्नी दहाला जरा अवघड दिसतंय. उशीर झाला तर चालंल न्हवं?"

"निवांत या हो! दिवसभर चालतंय ते."

लक्षात ठेवा हे वाक्य. मला तर ते अजून झोपेत ऐकू येतं.

रेफरी म्हणजे काय माणूस हो! दहा म्हणजे दहा. घड्याळात बघितलं आणि शिट्टी. आमच्याकडं कुठलाही कार्यक्रम वेळेवर सुरू झालेला मी पहिल्यांदा बघितला, आणि तोही नेमका हाच! आपली पोरं मात्र काय खेळली! बारा-सात अशी पुढं. सर पलीकडच्या लाईनवर हातात झेंडा घेऊन उड्या मारत होते.

साहेब आले दहा वाजून पाच मिनिटांनी. तसे लवकरच म्हणायचे. पण गाडीतनं उतरले, पाया पडणारे पाया पडले, कुणी बदलीचा अर्ज दिला, कुणी लग्नाची पत्रिका दिली. साहेब खुर्चीवर टेकले आणि शिट्टी वाजली. इंटरव्हल!

मी लांबनंच रेफरींना हातानं विचारलं, किती वेळ? त्यांनी दोन बोटं दाखवली.

बघा! मी म्हटलं नव्हतं? मी जाधव सरांकडं वळून सांगितलं, "दोन तास आहेत, निवांत होऊ दे."

निवांत म्हटल्यावर जाधव सरांना काय पाहिजे? "आजच्या या मंगल प्रभाती, पंचगंगेच्या साक्षीनं…" सुरूच झाले. पाहुण्यांचा मान आधी, म्हणून पुण्याच्या सातजणांना साहेबांनी भराभरा शाल-नारळ दिले. पोरं शहाणी. खाली मान घालून घेतले, खुर्चीवर ठेवले, ग्राउंडवर पळाली. मला वाटलं, लाजली.

मग आपली पोरं रांगेत आली. पवारमामांनी पहिला फेटा बांधायला घेतला तो आमच्या कॅप्टनचा, संतोषचा. दोन वेढे झाले असतील नसतील, आणि शिट्टी वाजली.

"मामा, सोडा! सुरू झाली!"

"हलू नगंस."

"मामा, शिट्टी झाली म्हणतोय न्हवं!"

"शिट्टी हुईल परत. फेटा अर्धा ठेवत न्हाईत."

आणि साहेब माईकवर! "आज या ठिकाणी…" साहेबांचं 'आज या ठिकाणी' सुरू झालं की मांडवातनं कुणी उठत नाही, ही आमच्या संस्थेची पंचवीस वर्षांची शिस्त. आमची पोरंही उठेनात. खेळावं तर साहेबांचा अपमान, थांबावं तर तिकडं मॅच!

साहेबांच्या पाठीमागं, तुम्हाला सांगते, पुण्याची पोरं अख्ख्या मोकळ्या ग्राउंडवर बॉल घेऊन चालत निघाली होती. पळायची गरजच नव्हती. अडवायला कोण? पलीकडनं सर हातवारे करत ओरडत होते. स्पीकरच्या आवाजात मला काही ऐकू येईना. मी पण त्यांना हात हलवून दाखवला. मला वाटलं, खूश झाले!

शेवटी संतोष मामांच्या हातनं सुटला. डोक्यावर दोन वेढे, आणि मागं पाच-सहा हात केशरी कापड. असा काही पळाला! पोचतही होता बॉलपर्यंत. पण पुण्याच्या एकानं मागनं शेमल्याचं टोक धरलं, आणि आमचा कॅप्टन भोवऱ्यासारखा तीन वेळा गिरकी घेऊन खाली बसला. फेटा सुटला, मॅचही सुटली. रेफरींनी शिट्टी तोंडाला लावली आणि तशीच ठेवली. फेट्याबद्दल त्यांच्या पुस्तकात काही नसावं.

आपल्यातला दुसरा एकजण घाईत, पाहुण्यांचा सांभाळायला घेतलेला नारळ काखेत घेऊनच ग्राउंडवर घुसला. पुण्याच्या दोघांनी त्याला आडवा केला. रेफरी धावत आले, नारळ काढून घेतला, उलटसुलट करून बघितला आणि माझ्याकडं बघितलं. माझ्याकडंच का? एवढे दीडशे लोक होते!

सात मिनिटं. जास्त नाही, सातच. तेवढ्यात पुण्याचे पस्तीस झाले, आपले बाराच. रेफरींनी लांब शिट्टी मारली, आणि त्याच क्षणाला साहेब माईकवर म्हणाले, "तर आता मी जास्त वेळ न घेता, आपण सगळे मिळून खेळाचा आनंद घेऊया!"

टाळ्या! ग्राउंडवर दोन्ही संघ एकमेकांचे हात हातात घेत होते. साहेब खुर्चीवर बसले, मान डोलावली. "वा! खेळाआधी हात मिळवत्यात. संस्कार हायत पोरांवर."

पुण्याची पोरं बूट काढायला लागली. साहेब पुढं वाकले.

"का ओ, बूट का काढाय लागल्यात? अनवाणी खेळत्यात काय ह्यो खेळ?"

सर तेवढ्यात पळत आले. घामाघूम. हातात झेंडा तसाच.

"साहेब… झाली मॅच."

"कवा?"

"आत्ता. चौदाच मिनिटांची असते. सात आणि सात."

"आणि मधी?"

"दोन मिनिटं इंटरव्हल."

सरांनी मग माझ्याकडं बघितलं. त्यांच्या कपाळावर फक्कीचा पांढरा पट्टा होता. अजून दिसतो मला तो, डोळे मिटले की. दोन बोटं! दोन मिनिटं! अहो, मग ते सबंध सीझनभर पळत होते ते कोण? दर वीस मिनिटांनी नवीन लोक? आणि मला कुणी सांगू नये?

"साहेब, अजून एक खेळून दाखवतो," सर म्हणाले. आवाज पार खाली गेलेला. "पोरं तयार आहेत. चौदा मिनिटंच लागतील."

"न्हाय ओ, मला कागलात बारशाला जायाचं हाय." साहेब उठले. खांद्यावरच्या शालीची घडी केली. "पण सर, खेळ झ्याक हाय तुमचा. मला वाटलं हुतं दिवस खाईल. एवढा आटोपशीर! भाषणाच्या मधी मधी यीत पण न्हाय."

"मग साहेब… ग्राउंड?"

"दिलं की! रोज सकाळी अर्धा तास घ्या. चौदा मिनिटांचा खेळ, अर्धा तास देतोय. डबल झालं! बाकीचा दिवस लॉन करू."

गाडी गेली. अजून साडेदहा वाजले नव्हते. मी मांडवामागं गेले, सुमनताईंना म्हटलं, "ताई, जेवण वाढायला घ्या."

"जेवण?" सुमनताई म्हणाल्या. "बाई, मी अजून कांदा चिरतेय!"

एक वाजेपर्यंत दोन्ही संघ मांडवात बसून राहिले. पवारमामांनी तेवढ्यात चौदाच्या चौदा पोरांना फेटे बांधले. मधेच रेफरींनाही बांधला. माणूस सज्जन, नाही म्हणाला नाही.

सर काही बोलले नाहीत. ओरडले असते तरी चाललं असतं हो! त्या दिवशी नाही, दुसऱ्या दिवशी नाही. दुधाचा हिशेबसुद्धा चिठ्ठीवर. पाचव्या दिवशी शनिवार आला. सकाळी सरांनी टीव्ही लावला. कुठल्या तरी देशात ती हिरवी माणसं पळत होती. मी आल्याचा चहा केला, दोन बिस्किटं जास्त ठेवली, आणि शेजारी जाऊन बसले.

"अहो, चुकलं माझं. हजारदा चुकलं. पण आता बोला की. अजून किती वेळ असं गप्प बसणार?"

सरांनी चहाचा घोट घेतला. टीव्हीवरची नजर काढली नाही.

"ही एवढी मॅच संपली की बोलतो. उद्या संध्याकाळपर्यंत संपेल."