हळदीला मोकळा गळा

कोलशेतच्या एका टॉवरमध्ये मी रखमाबाईंचा भाडेकरू आहे. अकराव्या मजल्यावर त्या राहतात, दहाव्यावर मी. टॉवर उभा आहे तिथे त्यांचं भाताचं शेत होतं. बांधापलीकडचं शेत गोदाबाई कसायच्या, पण ते दुसऱ्याचं. मालकाने ते विकलं आणि गोदाबाई गावठाणातल्या दोन खोल्यांत राहिल्या. त्यांचं पत्र्याचं छप्पर रखमाबाईंच्या बाल्कनीतून दिसतं. त्या बाजूचा पडदा रखमाबाई कायम ओढून ठेवतात.

"आई, आपल्या नशिबात होतं, त्यांच्या नव्हतं. तू कशाला झुरतेस?" मुलगा मितेश विचारतो.

"चिखल दोघींनी सारखाच तुडवला रे."

परवा गोदाबाईंच्या विनिताची हळद होती. निघताना रखमाबाईंनी पोहेहार, पाटल्या, तोडे, सगळं उतरवलं. गळ्यात नुसती काळी पोत. मी तांदळाच्या पिठाची पिशवी घेऊन बरोबर होतो. लिफ्टमध्ये म्हणाल्या, "तिच्या दारात मिरवायला बरं नाय वाटत." केवढं मोठं मन, मला वाटलं.

मांडवात बायका भाकऱ्या थापत होत्या. आगरी हळदीला घरात असेल तेवढं सोनं अंगावर चढतं, तशा सगळ्या मढलेल्या. गोदाबाईंनी वर पाहिलं आणि हातातली भाकरी परातीत आपटली.

"का गो रखमा, कुणाच्या मयताला आयलीस?"

"तसं नाय गो..."

"मग कसं? बिल्डरच्या पूजेला मढून जातेस, आनि माझ्या पोरीच्या हळदीला मोकळा गळा? मी जळेन, असं वाटलं? एका बांधावर जेवलो आपण. एवढंच वलखलंस मना?"

गोदाबाईंनी मांडवाबाहेर बोट दाखवलं.

"जा, सगळं घालून ये. नायतर येऊच नको."

रखमाबाई मागे फिरल्या. आता या परत येत नाहीत, संपली मैत्री, असं समजून मी उगाच दिव्यांच्या माळा तपासत राहिलो. कामावर मी विजेचे कंट्रोल पॅनेल जोडतो. बिघाड कुठे आहे ते मीटर लावला की कळतं. इथे मीटर लावायचा कुठे?

त्या आल्या. एकूण एक दागिना घालून, मान खाली घालून. गोदाबाईंनी त्यांच्याभोवती एक फेरी मारली.

"तोडं नवं हाय?"

"दिवाळीला केलं."

"जड हाय?"

"जड हाय गो," रखमाबाईंना रडू फुटलं.

"मग बस. पीठ मळ."

त्या बसल्या. बघता बघता पाटल्या पिठाने पांढऱ्या झाल्या. गोदाबाईंनी त्यांची पहिली भाकरी उचलून बायकांना दाखवली. "बघा गो, एवढा पैसा आला, पन भाकरी वाकडी ती वाकडीच!" सगळा मांडव हसला. रखमाबाईही हसल्या, डोळे पुसत.



मग गोदाबाई तव्यावरची भाकरी उलटत हळूच म्हणाल्या, "आनि तो पडदा उघड गो. रोज सकाळी हात करते मी तुला."