धुऱ्यावरची जास्वंद

धुरा म्हणजे दोन शेतांमधला बांध. आमच्याकडे शेत पुरुषांचं आणि धुरा बायकांचा, हे कुणी लिहून दिलेलं नसलं तरी सगळ्यांना ठाऊक असायचं. धुऱ्यावरची अंबाडी, शेवगा, फुलं, सारं घरच्या बाईचं; त्यात पुरुष हात घालत नसे. अमरावतीहून चांदूर बाजारकडे जाताना लागणाऱ्या एका खेड्यात मी लग्न होऊन आले, तेव्हा सासूबाईंनी मला शेताचा उगवतीकडचा धुरा दाखवला आणि म्हणाल्या, "हा तुहा. काय लावाचं थे लाव."

मी जास्वंद लावली. माहेर रिद्धपूरजवळ, तिथल्या परसातल्या फांद्या ओल्या फडक्यात गुंडाळून आणल्या. काडी घ्यायची करंगळीएवढी जाड, फार कोवळी नको, फार जून नको. खालचा काप डोळ्याच्या, म्हणजे जिथून कोंब फुटतो त्याच्या, बुडाशी तिरका. पानं काढायची, शेंड्याची दोन ठेवायची, तीही अर्धी कापून. कळी दिसली तर खुडायची. जीव फुलात गेला की काडी मूळ धरत नाही. वरच्या तोंडाला शेण लावायचं. काळ्या मातीत काडी थेट रोवली तर पाणी साचून कुजते, म्हणून मी नदीची वाळू आणि जुनं खत मिसळून न्हाणीजवळ सावलीत वाफा केला. मूळ फुटलं का ते उपसून बघायचं नाही, हे सगळ्यात अवघड. पावसाळा नीट लागल्यावर रोपं धुऱ्यावर नेली. उन्हाळ्यात आमच्या जमिनीला हात जाईल एवढ्या भेगा पडतात आणि मुळं तुटतात. तेव्हा बुडाशी तुरीचं कुटार, म्हणजे मळणीचा भुसा, पसरून वरून पाणी घालायचं. घागर माझी, डोकं माझं, पाय माझे. घरातल्या कुणा पुरुषानं त्या झाडांना कधी ओंजळभर पाणी घातलं नाही.

काही वर्षांत धुरा लाल झाला. देवीला फुलं, तेलात कढवायला फुलं, केस धुवायला पाला. गावातल्या बाया माझ्याकडे यायच्या, काड्या मागायच्या, लावायच्या कशा ते विचारायच्या. त्या घरात मीठ घ्यायचं तरी मी विचारून घेत होते. ही एकच वस्तू मी कुणालाही न विचारता देऊ शकत होते.

मग कापसाचं वेड आलं. समुद्रापलीकडे कुठल्याशा मुलखात लढाई जुंपली म्हणे आणि आमच्या कापसाला सोन्याचा भाव आला. चांगली शहाणीसुरती माणसं पिसाटली. ज्वारीच्या जागी कापूस, गुरांच्या कुरणात कापूस, बोलणं कापसाचं, भांडण कापसाचं. त्या उन्हाळ्याच्या शेवटी मी भाकरी घेऊन शेतात गेले, तर भासरे, म्हणजे नवऱ्याचे थोरले भाऊ, माझ्या जास्वंदीवर कुऱ्हाड चालवत होते. नवरा तोडलेल्या फांद्या ओढून ढीग करत होता. त्यानं माझ्याकडे पाहिलं नाही.

"दोन ओळी जास्त बसतीन," भासरे त्याला सांगत होते. "खुंट मातीत राहू दे. पेरनीची घाई हाय."

धुरा वखरून सपाट केला. हद्दीचे दगड वखराला अडतात म्हणून तेही उचलून नाल्यात फेकले. एवढी अक्कल चालवल्यावर शेजाऱ्यानं काय करायचं होतं? त्यानं पेरताना खुशाल आमच्या हद्दीत चार ओळी घुसवल्या. आता भासऱ्यांच्या तळपायाची आग मस्तकात गेली. माझा धुरा मोडताना ज्यांना काही वाटलं नाही, ते चार ओळींसाठी गावभर बोंबलत फिरले!

कापूस गुडघ्याएवढा झाला तेव्हा पंच शेतावर आले. हद्द कुठे होती ते कुणाला सांगता येईना. भासरे इकडे बोट दाखवत, शेजारी तिकडे. मी घागर घेऊन तिथेच उभी होते. एकेक काडी मी माझ्या हातानं लावलेली. डोळे बांधून नेलं असतं तरी हद्द दाखवली असती. पण भासऱ्यांसमोर भावसुनेनं तोंड उघडायचं नाही, पंचांसमोर तर नाहीच. इतकी पागोटी जमली होती, त्यातल्या एकालाही वाटलं नाही की या बाईला विचारावं. आजही आठवलं की माझं डोकं तापतं.

शेवटी एक म्हातारा पंच शेजाऱ्याच्या कापसात वाकला. "हे काय उगोलं बाप्पा?"

कापसाच्या पानांमधून चकचकीत पानांचे धुमारे वर आले होते. एक इथे, एक पुढे, त्यापुढे आणखी एक, शेताच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत सरळ. खुंट मेले नव्हते.

"जास्वंद होय," नवरा हळूच म्हणाला. "धुऱ्यावरची."

शेजाऱ्याची मान खाली गेली. पंचांनी हद्द आमच्या बाजूनं दिली. भासरे मिशीला पीळ देत घरी आले आणि जेवताना सासूबाईंना म्हणाले, "जास्वंदीनं वाचोलं वं माय." मी चुलीशी बसून ऐकत होते आणि मला इतका आनंद झाला की भाकरी करपली. माझा धुरा परत आला होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी पाणी घेऊन गेले. कापसात अडचण नको म्हणून भासरे आणि नवरा कुदळींनी खुंट खणून काढत होते. या वेळी मुळासकट.

मी घागर खाली ठेवली आणि जन्मात पहिल्यांदा भासऱ्यांशी बोलले. "माहा धुरा कोठी गेला?"

ते चपापले. माझ्याकडे न बघता नवऱ्याला म्हणाले, "काय म्हनते हे? धुरा तं भेटला ना आपल्याले. त्याच्यावरच तं उभे हाओत."

ते टोमणा मारत नव्हते. त्यांना खरंच वाटलं की त्यांनी उत्तर दिलं.

मी पुढच्या खुंटावर जाऊन बसले. नवऱ्यानं मला वळसा घातला आणि त्याच्या पुढचा खणायला घेतला.